संशय : साधनेचा शत्रु कीं सोबती ?

हल्लीं ‘माइंडफुलनेस’ हा शब्द घरोघर शिरला आहे. कचेऱ्यांत त्याचे वर्ग भरतात आणि मोबाईलच्या ॲपांतून त्याचे पाठ मिळतात. शब्द परका वाटला तरी वस्तु आपल्या ओळखीची आहे. पालींतील ‘सति’, म्हणजेच संस्कृतांतील ‘स्मृति’, या शब्दासाठीं ऱ्हीस डेव्हिड्स या पंडितानें १८८१ सालीं हा इंग्रजी शब्द योजिला. येथें स्मृति म्हणजे गतगोष्टींची आठवण नव्हे. चालू क्षणीं देहांत व मनांत जें घडत आहे त्याचें भान सुटूं न देणें, एवढाच तिचा अर्थ.

आम्हांसही या मार्गाचा थोडा अनुभव आहे. पत्नीच्या निधनानंतर आमची झोंप उडाली. सूनबाईंच्या सांगण्यावरून आम्ही पहांटे वीस मिनिटें श्वासाकडे लक्ष देऊन बसूं लागलों. त्यास आतां दोन वर्षें होत आलीं. दुःख गेलें नाहीं. परंतु तें आलें म्हणजे आलें असें कळतें, आणि त्यापाठोपाठ येणारी विचारांची माळ पूर्वीइतकी लांबत नाहीं. झोंपही पुष्कळ सुधारली. ती बसण्यानें सुधारली, काळानें, कीं सायंकाळचा चहा सोडल्यानें, हें मात्र सांगतां येत नाहीं. तिन्ही गोष्टी एकदम घडल्या असतां एकीसच सारें श्रेय देणें न्यायाचें नव्हे.

असा हिशेब सर्वांस रुचत नाहीं, याचा प्रत्यय घरांतच आला. आमचा पुतण्या एका ध्यानवर्गास जाऊं लागला. चारसहा महिन्यांत त्याचा तापटपणा कमी झालेला आम्हीं पाहिला व संतोष पावलों. पुढें एके दिवशीं कळलें कीं, त्यानें रक्तदाबाच्या गोळ्या परस्पर बंद केल्या आहेत. विचारतां म्हणाला, “काका, आमचे गुरुजी सांगतात, औषधावर विसंबणें ही मनाची दुर्बलता आहे. आणि शंका घेणें हा अहंकार. तुम्ही तर शास्त्र शिकलेले. संशय हा साधनेंतला अडथळा, हें तुम्हांला ठाऊकच असेल.”

त्याचें बोलणें अगदींच निराधार नव्हतें. पतंजलीनें योगसूत्रांत जे नऊ अंतराय सांगितले त्यांत संशय आहे. बौद्धांच्या पांच नीवरणांतही ‘विचिकित्सा’ आहे. पण गौतमाच्या न्यायसूत्रांत ज्या सोळा पदार्थांच्या ज्ञानानें निःश्रेयस मिळतें असें म्हटलें आहे, त्यांत प्रमाण व प्रमेय यांच्या लगेच पाठीमागें संशयच येतो. एक शास्त्र ज्याला अडथळा म्हणतें, त्याला दुसरें ज्ञानाच्या साधनांत बसवितें. हा विरोध खरा कीं दिसण्यापुरता ?

आमच्या मतें दोन्ही शास्त्रें निरनिराळ्या वेळेविषयीं बोलत आहेत. गणित सोडवितांना मुलगा दर ओळीस ‘हें मला येईल का’ म्हणून थांबेल तर गणित सुटणार नाहीं. पण उत्तर आल्यावर जो ताळा पाहत नाहीं, त्यासही आम्हीं कधीं पुरे गुण दिले नाहींत. डोळे मिटून बसलें असतां ‘याचा उपयोग होईल का’ असें घोळीत राहणें हा अंतराय. परंतु कोणी कांहीं विधान केलें असतां त्याचें प्रमाण विचारणें हा अंतराय नव्हे. खुद्द बुद्धानेंच केसपुत्र येथील कालामांस, केवळ परंपरा आहे म्हणून किंवा सांगणारा आपला गुरु आहे म्हणून कांहीं स्वीकारूं नका, असा उपदेश केला होता.

मग प्रमाण काय आहे ? अमेरिकेंत मॅसॅच्युसेट्स येथें जॉन कबात-झिन यांनीं १९७९ मध्यें रुग्णांसाठीं असा अभ्यासक्रम सुरू केला, तेव्हांपासून पुष्कळ चांचण्या झाल्या. त्यांपैकीं ४७ चांचण्यांचा, सुमारें ३,५०० माणसांचा, आढावा २०१४ मध्यें प्रसिद्ध झाला. चिंता, खिन्नता व वेदना यांत ध्यानानें बेताचा लाभ दिसला. पण औषध, व्यायाम वा इतर उपचारांहून तें सरस असल्याचा पुरावा मिळाला नाहीं. ब्रिटनमधील ८,००० हून अधिक विद्यार्थ्यांवरील चांचणीचे निष्कर्ष २०२२ सालीं आले. त्यांत नेहमींच्या शिक्षणापेक्षां या पाठांनीं मुलांचें मन अधिक स्वस्थ झालेलें आढळलें नाहीं, आणि बहुतेक मुलें घरीं अभ्यास करीतच नव्हतीं. शिक्षकाच्या पेशांत जन्म गेलेल्यास यांत नवल वाटूं नये. शिवाय कांहीं साधकांस ध्यानांत भीति व अस्वस्थता वाढल्याचाही अनुभव येतो. तेव्हां लाभ खरा, पण मर्यादित.

पुतण्यास आम्हीं ध्यान सोडण्यास सांगितलें नाहीं. एवढेंच म्हणालों, “अरे, पतंजलीची यादी पुरती वाच. संशय तिसरा आहे. पहिला अंतराय व्याधि आहे. व्याधि मोकळी सोडून संशय तेवढा बांधून ठेवणें, हा कोणता योग ?” तो हंसला, आणि दुसऱ्या दिवशीं आमच्याबरोबर डॉक्टरांकडे आला. दाब बराच चढलेला निघाला. गोळ्या पुन्हां सुरू झाल्या. ध्यानास डॉक्टरांनीं आडकाठी केली नाहीं. आतां तो दोन्ही नेमानें करतो.

आमच्या वाचक भगिनीबंधूंस सुचवावयाचें तें इतकेंच. ध्यान शिकविणाऱ्यास तीन प्रश्न अवश्य विचारावे : लाभ कोणता, तो कशावरून, आणि अपाय झाल्यास काय करावें ? जो प्रश्नानें रागावत नाहीं त्याच्यापाशीं निर्धास्त बसावें. जो प्रश्नालाच पाप ठरवितो, त्याच्या घरचें आसन कितीही मऊ असलें तरी तेथून उठावें.