अण्णा साळुंके नावाची तारामती

भारतीय सिनेमाची पहिली नायिका कोण, असं नववीच्या वर्गात विचारलं की मुलं श्रीदेवी, माधुरीपासून सुरू करतात. आजीजवळ बसणारं एखादं पोर नर्गिसपर्यंत जातं. मग मी फळ्यावर नाव लिहितो : अण्णा साळुंके. आधी शांतता, मग हशा.

दादासाहेब फाळके 1912 साली ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव करत होते. हरिश्चंद्रासाठी दत्तात्रय दाबके मिळाले, रोहिदासाच्या कामाला घरचाच मुलगा भालचंद्र होता. अडलं ते तारामतीपाशी. जाहिराती देऊन झाल्या. चांगल्या घरातली बाई येणं शक्यच नव्हतं. फाळके कोठ्यांवर जाऊन आले, तिथूनही नकार. ज्यांना सगळा गाव नावं ठेवतो त्यांनाही बदनामीची धास्ती वाटावी, असा हा नवा धंदा होता. आपल्या नटांनाही फाळके सांगत, कुणी विचारलं तर ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे’ म्हणा.

शेवटी ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात राबणारा एक तरुण त्यांच्या नजरेत भरला. सडपातळ अंग, नाजूक बोटं. पगार महिना 10 रुपये. फाळक्यांनी 15 देऊ केले. इतिहासाच्या पुस्तकांत याला ‘योगायोग’ म्हणतात. मला ही सरळ नोकरीबदलाची गोष्ट वाटते. दीडपट पगार कुणी सोडला असता?

मिशीचा घोळ मात्र झालाच. बापाच्या मृत्यूनंतर उतरवायची मिशी बाप जिवंत असताना कशी काढायची, म्हणून स्त्रीवेषातले नट अडून बसले. त्यांना समजावता समजावता फाळक्यांच्या नाकी नऊ आले. 3 मे 1913 रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लागला. हौदात सख्यांसह जलक्रीडा करणारी तारामती त्यात दिसते. ओल्या लुगड्यातले ते सगळे पुरुष आहेत, हे आधी सांगितलं नाही तर माझ्या विद्यार्थ्यांच्या लक्षात येत नाही.

धुळ्यात मी मुलांच्या शाळेत होतो, तेव्हा स्नेहसंमेलनात सावित्रीबाई आणि फातिमा शेख यांच्यावर नाटुकलं बसवलं. फातिमाबी झालेला पोरगा उत्तम उर्दू बोलायचा आणि मराठीचे ‘ळ’ आणि ‘ण’ कधी चुकवायचा नाही. चौथ्या दिवशी त्याचे अब्बा शाळेत आले. हॉटेलात भट्टीवर काम करणारा माणूस, सदऱ्यावर तेलाचे डाग. “सर, मोहल्ले में पोरं इसकू छेडते. ओढणी ओढणी बोलते.” मी त्यांना बसवून साळुंकेंची गोष्ट सांगितली. ते ऐकत राहिले. फातिमाबींच्या कार्याबद्दल त्यांनी काही विचारलं नाही. विचारलं ते एवढंच, “दस के पंधरा? सच्ची?” मग उठता उठता म्हणाले, “फिर तो मर्द का काम किया उन्ने.” पोरगा नाटकात राहिला.

आम्ही जळगावकरांनी तर स्त्रीवेषाला नाकं मुरडूच नयेत. बालगंधर्वांना गाण्याचे धडे मेहबूब खाँ नावाच्या उस्तादांनी याच गावात दिले. गावात त्यांच्या नावाचं खुलं नाट्यगृह आहे, महोत्सव होतो. बालगंधर्वांचं शालू नेसणं, चालणं बायका पाहून पाहून उचलत. ते सगळं त्यांना लाभलं ते गळ्याच्या जोरावर. साळुंके त्यांच्याच काळातले, कामही तेच. पण मूकपटात गळ्याचा उपयोग शून्य. तारामतीचं दुःख आवाजाशिवाय, फक्त चेहऱ्याने आणि त्या बोटांनी दाखवायचं होतं. तेही आधी नाटकात काम केल्याचा सराव नसताना, उघड्यावरच्या उन्हात, हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यापुढे. मला ते शालूतल्या भैरवीपेक्षा अवघड वाटतं. संगीत नाटकाचे भक्त रागावतील, रागावोत.

फाळक्यांच्या दुसऱ्याच चित्रपटात, ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई आल्या. बायका पडद्यावर आल्या म्हणजे साळुंकेंची गरज संपली असं वाटेल. पण 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये सीता तेच आहेत. आणि रामही तेच! आपल्या सिनेमातली पहिली दुहेरी भूमिका. पडद्यावर राम दिसला की प्रेक्षक पायातल्या वहाणा काढत. तिकिटांच्या नाण्यांची पोती बैलगाडीतून न्यावी लागत, असं सांगतात. अशोकवनात रामाची वाट पाहत बसलेली सीता आणि तिच्यासाठी रानोमाळ फिरणारा राम, दोन्ही चेहरे एकाच माणसाचे. लोकांनी दोघांनाही हात जोडले.

त्यानंतरचा भाग फार थोड्यांना ठाऊक असतो. फाळक्यांकडेच साळुंके कॅमेरा शिकले आणि यंत्राच्या मागे जाऊन उभे राहिले. ‘सत्यनारायण’ (1922) आणि ‘बुद्धदेव’ (1923) यांच्या छायाचित्रणात त्यांचं नाव आहे. चेहऱ्यावर जगणाऱ्या नटाला वय गाठतंच, सीतेचं काम करणाऱ्या पुरुषाला तर जरा लवकरच. हॉटेलातून आलेल्या या माणसाने ते वेळेत ओळखून हाताला दुसरं कसब लावून घेतलं. 1931 मध्ये ‘आलम आरा’ आला आणि सिनेमा बोलू लागला. साळुंकेंची कारकीर्दही त्याच वर्षापर्यंतची धरतात. नट म्हणून मोजके चार-पाच चित्रपट, कॅमेरामन म्हणून त्याच्या कितीतरी पट.