सांगणाऱ्यांची नावं

कुडाळ, जि. सिंधुदुर्ग

चि. ऋता हिस,


लायडनच्या ग्रंथालयात पाहिलेल्या त्या जुन्या चित्राचा फोटो मिळाला. डच माणसाने लॅटिनमध्ये काढलेल्या पुस्तकात, झाडाच्या चित्राशेजारी नागरी अक्षरं कशी काय, असं तू विचारलं आहेस. फोनवर हे नीट सांगता आलं नसतं, म्हणून हे पत्र.

पुस्तकाचं नाव ‘हॉर्टस मलबारिकस’, म्हणजे मलबारचा बगीचा. १६७८ ते १६९३ या काळात ॲमस्टरडॅममध्ये त्याचे बारा खंड छापले गेले. त्यात ७४० हून अधिक वनस्पती आणि तांब्याच्या पत्र्यांवर कोरून छापलेली जवळपास ८०० मोठी चित्रं आहेत. पहिलंच चित्र नारळाचं आहे. प्रत्येक झाडाचं वर्णन, ते कुठे उगवतं, केव्हा फुलतं, कोणत्या दुखण्यावर कसं वापरतात, हे सगळं त्यात आहे. चित्रांवर नावं रोमन, मल्याळी, अरबी आणि नागरी अशा चार लिप्यांत कोरलेली आहेत. तू पाहिलेली नागरी अक्षरं कोकणी भाषेतली आहेत.

पुस्तकाचं काम जिथे झालं त्या कोचीला ही कोकणी पोचली याला कारण गोवा. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या जाचामुळे कितीतरी सारस्वत घराणी गोव्यातून दक्षिणेकडे गेली. कोचीच्या राजाच्या आश्रयाने ती तिथे वसली आणि व्यापार, देवळं, वैद्यकी यांत रुजली. १६६३ मध्ये डचांनी कोची पोर्तुगीजांकडून घेतली, तेव्हा या मंडळींच्या काही पिढ्या तिथे झाल्या होत्या. घरात बोलत मात्र कोकणी.

हेंड्रिक व्हान ऱ्हेडे हा डच ईस्ट इंडिया कंपनीचा मलबारचा कमांडर. पुस्तकामागचा त्याचा हेतू निव्वळ ज्ञानाचा नव्हता, हे आधीच सांगते. कंपनीच्या दवाखान्यांना लागणारी औषधं युरोपातून येत. ती इथल्याच रानात मिळत असतील तर पैसा वाचणार होता. शिवाय मलबार मोठा की सिलोन, असा कंपनीच्या अधिकाऱ्यांमध्येच वाद होता. मलबारची जमीन किती संपन्न आहे हे ऱ्हेडेला वरिष्ठांपुढे सिद्ध करायचं होतं. तरीही काम सुरू झाल्यावर त्याने ते ज्या निष्ठेने केलं, त्याला हिशेबाबाहेरचं काहीतरी म्हणावं लागेल.

झाडं ओळखणारी माणसं रानात पाठवली जात. ती पानाफुलांसकट, फळांसकट फांद्या आणत आणि चित्रकार त्या ताज्या असतानाच रेखाटत. मग जाणकार बसत आणि एकेका झाडाचा खल होई. या जाणकारांत कोचीचे तीन कोकणी वैद्य होते: रंगा भट, विनायक पंडित आणि अप्पू भट. निघंटूत, म्हणजे औषधींच्या जुन्या कोशात, काय म्हटलं आहे आणि हातातली फांदी काय दाखवते, याचा मेळ ते घालत. आणि होता इट्टी अच्युतन, कारप्पुरमचा एळवा वैद्य. त्याच्या घराण्यात औषधांच्या माहितीची पोथी पिढ्यान्‌पिढ्या जपली होती. जातीच्या भिंती किती पक्क्या होत्या त्या काळी! तरी ब्राह्मणांचं शास्त्र आणि एळव्याच्या घरची विद्या एकाच पुस्तकात शेजारी शेजारी आली. काही अभ्यासकांच्या मते तर पुस्तकातल्या औषधी माहितीचा कणा अच्युतनचाच आहे.

अच्युतनने मल्याळममध्ये सांगितलं, कंपनीच्या दुभाष्याने ते पोर्तुगीजमध्ये उतरवलं आणि तिथून ते लॅटिनमध्ये गेलं. पहिल्या खंडांची लॅटिन भाषा योहानेस कासेआरियस या पाद्र्याची. विद्यार्थी असताना तो तुझ्या लायडनजवळच्या राइन्सबर्गला स्पिनोझाकडे शिकत होता. स्पिनोझाचं ते घर अजून आहे, एखाद्या रविवारी सायकलने जाऊन ये.

आता मला तुला मुद्दाम सांगायची गोष्ट. ऱ्हेडेने या माणसांची नावं लपवली नाहीत. १६७५ साली अच्युतनने आणि तिघा वैद्यांनी आपापल्या भाषेत, आपापल्या लिपीत लेखी दाखले दिले. आम्ही ही झाडं दाखवली, त्यांचे गुण सांगितले आणि दोन वर्षं सकाळ-संध्याकाळ हे काम केलं, असा त्या कोकणी दाखल्याचा आशय आहे. ऱ्हेडेने ते दाखले नुसते भाषांतर करून वापरले नाहीत, तर मूळ अक्षरांसह पहिल्या खंडात छापले. सतराव्या शतकातला सत्ताधारी युरोपीय आपल्या पुस्तकाचा आधार म्हणून स्थानिक वैद्यांचे दाखले पुढे ठेवतो, हे फार दुर्मीळ आहे.

याच्या शंभर वर्षांहून आधी, १५६३ मध्ये, गोव्यात गार्सिया दा ओर्ताने इथल्या औषधींवर पोर्तुगीजमध्ये पुस्तक छापलं होतं. चार वर्षांत क्लुसियसने त्याचा लॅटिन संक्षेप केला आणि ते युरोपभर गेलं. पुढे याच क्लुसियसने लायडनचा वनस्पतिबाग उभारला, जिथे तुझी प्रयोगशाळा आहे. ओर्ताचं काम मोठंच आहे. पण ज्यांच्याकडून तो शिकला त्या गोव्यातल्या वैद्यांच्या सहीचा कागद त्याच्या पुस्तकात नाही. ‘हॉर्टस मलबारिकस’मध्ये तो आहे, म्हणून रंगा भट आज आपल्याला माहीत आहेत.

पुढे वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने हे पुस्तक जवळ केलं. तो स्वतः भारतात कधी आला नव्हता. आपल्या १७५३ च्या ग्रंथात मलबारच्या कितीतरी झाडांसाठी त्याची भिस्त याच चित्रांवर होती. आपण जिला ओवळी म्हणतो त्या बकुळीच्या शास्त्रीय नावातलं ‘एलेंगी’ आणि सोनचाफ्याच्या नावातलं ‘चंपाका’ ही याच पुस्तकातून गेलेली मलबारची नावं आहेत. ऱ्हेडे स्वतः सगळे खंड पाहायला उरला नाही. डिसेंबर १६९१ मध्ये सुरतेला जाताना मुंबईच्या किनाऱ्यासमोर जहाजावर तो वारला. सुरतेच्या डच कबरस्तानात त्याची भव्य कबर आहे.

लॅटिनमुळे हे पुस्तक ज्यांच्या भूमीचं, त्यांनाच तीनशे वर्षं वाचता आलं नाही. कालिकत विद्यापीठातल्या के. एस. मणिलाल या वनस्पतिशास्त्रज्ञांनी तीन दशकांहून जास्त काळ त्यावर घालवला. ते लॅटिन शिकले, त्याच प्रदेशात हिंडून जवळजवळ सगळ्या वनस्पती पुन्हा गोळा केल्या आणि त्यांची आजची नावं ठरवली. त्यांचा इंग्रजी अनुवाद २००३ मध्ये आला, मल्याळम २००८ मध्ये. नेदरलँड्सच्या राणीने त्यांचा गौरव केला आणि २०२० मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. मराठीत हे पुस्तक अजून नाही. ते कुणीतरी करायला हवं, असं मला फार वाटतं.

ऋता, तू येत्या पावसाळ्यात आंबोलीच्या वनस्पतींवर काम करायला येणार आहेस. तुझ्याकडे चांगला कॅमेरा असेल, जीपीएस असेल, डीएनए तपासायची सोय असेल. तरी कुठल्या सड्यावर कोणतं फूल कधी येतं, सातविणीची साल कधी काढायची, उंडीचं तेल कशावर लावायचं, हे तुला धनगरवाड्यातल्या बायका आणि गावातली म्हातारी माणसंच सांगतील. त्यांच्या परवानगीने त्यांची नावं लिहून घे. ‘स्थानिक लोकांच्या मते’ असं लिहून मोकळी होऊ नकोस. प्रबंध छापला जाईल तेव्हा त्यांची नावं तळटीपेत नको, पहिल्या पानावर घाल.

तुझी,
मावशी