विंगेतलं 'मानापमान'

पालकहो, ८ जुलै १९२१ ला मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी बालगंधर्व (भामिनी) आणि केशवराव भोसले (धैर्यधर) एकाच रंगमंचावर उभे राहिले. दोन प्रतिस्पर्धी नाटक मंडळ्यांचे लाडके गायक-नट, आणि नाटक खाडिलकरांचं 'संगीत मानापमान'! नाव बघा.

ही गोष्ट मी मुलांना स्वारगेटच्या गणेश कला क्रीडा मंचाच्या विंगेतच सांगितली. स्नेहसंमेलनात याच नाटकातला प्रवेश होता. तबल्याला आधी माइक मिळाला म्हणून पेटीवाले सर रुसलेले. भामिनीची आई विचारतेय, "आमच्याच पोरीचं पद का कापलं?" धैर्यधराची मिशी घामानं सुटलेली.

गोष्ट संपली, तर मिशी दाबून धरत धैर्यधर म्हणतो, "सर, पण जाहिरातीत आधी नाव कुणाचं होतं?"

पेटीवाल्या सरांना हसू फुटलं. त्यांनी सूर धरला.