चांदीचं नाणं आणि अळंबी

पाऊस लागला की आमच्याकडे कोकणात वारुळावरची अळंबी यायची. आजी कालवणात चांदीचं नाणं टाकायची. ते काळं पडलं नाही, की पानं वाढायची. आम्ही वाचलो ते नाण्यामुळे नव्हे. तिला ठरलेली वारुळं आणि तीच एक जात ठाऊक होती, म्हणून.

अमाटॉक्सिन या जीवघेण्या विषाने चांदी काळी पडत नाही. ते शिजवून, वाळवूनही जात नाही. किड्यांनी खाल्लेली अळंबीसुद्धा माणसाला मारू शकते. एप्रिल २०२२ मध्ये आसामात रानअळंबी खाऊन १३ जण दगावले.

उलट्या-जुलाबाचा रुग्ण अळंबी खाल्ल्याचं सांगतो, तेव्हा मी आधी विचारतो, "खाल्ली कधी?" त्रास सहा-बारा तासांनी सुरू झाला असेल तर मला धास्ती वाटते. दुसऱ्या दिवशी उलट्या थांबतात, रुग्ण चहा मागतो, घरचे निर्धास्त होतात. नेमकं तेव्हाच आत यकृत निकामी होत असतं. त्यामुळे बरं वाटलं तरी घरी थांबू नका. मोठं रुग्णालय गाठा. उरलेली अळंबी, केरातले तुकडेसुद्धा, कागदात गुंडाळून सोबत न्या. आणि त्या पंगतीला जे जे जेवले त्या सगळ्यांना न्या, काही होत नसलं तरी.