मधला

आम्ही तीन भाऊ, मी मधला. थोरल्याला मान, धाकट्याला लाड, मला दळण. त्यामुळे गोव्याच्या क्लायमॅक्स लॉरेन्सबद्दल पेपरात वाचलं अन् जीव जडला. नाव क्लायमॅक्स, पण खेळायचा मधल्या फळीत! चेंडू हिसकावायचा ह्यानं, गोलाच्या टाळ्या पुढच्याला. पण २००८ साली चॅलेंज कपमध्ये, आमच्या परभणीला मुंबईहून जवळ असलेल्या हैदराबादेत, अफगाणिस्तानविरुद्ध ९१व्या मिनिटाला एकमेव गोल मारला तो ह्यानंच. भारतानं तो चषक जिंकला अन् २०११ साली, तब्बल २७ वर्षांनी, आशिया चषकात पाऊल ठेवलं.

अण्णांनीही अखेरच्या दुखण्यात हाक मारली ती मलाच. म्हटलं, आलं आपलं एक्क्याण्णवावं मिनिट! गहिवरून उशाशी बसलो.

अण्णा म्हणाले, "का रे, दळण आणलंस?"