गाण्याची वेळ

पाहुणे आले की लेकराला गाणे म्हणायला लावण्याची आपल्याकडे मोठी हौस. शाळेत ती आम्हां मास्तरांनाही असतेच. पण सातपुड्यातली मुले या आग्रहाला बधत नाहीत. ऐन श्रावणात एका मुलीला मी होळीचे गाणे म्हणायला सांगितले, तर ती शांतपणे म्हणाली, “गुरुजी, ते होळीलाच म्हणतात.”

रेडिओवरचे गाणे कळ दाबली की लागते. माणसांत राहणाऱ्या गाण्याला मात्र वेळ असते, जागा असते. ते ऐकायचे तर आपणच त्याच्या दारी जाऊन थांबावे लागते.

असे थांबणारा एक गृहस्थ मला माहीत आहे. आनंद पटवर्धन हे माहितीपट काढतात. मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर त्यांनी ‘हमारा शहर’ काढला, तो १९८५ साली. त्यात विलास घोगरे नावाचा शाहीर गातो. पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसे गेली. त्या आघाताने काही दिवसांतच घोगऱ्यांनी स्वतःचे आयुष्य संपवले. गाणारा गळा मिटला, तेव्हा पटवर्धन त्या गाण्यांच्या मागोमाग निघाले. वस्त्यांतले शाहीर, भीमगीते गाणाऱ्या बायाबापड्या, पुण्याच्या कबीर कला मंचाची तरुण मुले, या सर्वांचे ते ऐकत राहिले. किती काळ? चौदा वर्षे! ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला तो २०११ साली, आणि पुढच्या जानेवारीत तो भायखळ्याच्या बी. आय. टी. चाळीत दाखवला गेला. चाळीतले गाणे चाळीला परत मिळाले, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

हेच पटवर्धन, सीमंतिनी धुरूंसमवेत, आमच्या डोंगरातही येऊन गेले होते. त्यांची ‘नर्मदा डायरी’ १९९५ची. तिच्यात अक्कलकुवा तालुक्यातले मणिबेली आहे. तेव्हा नंदुरबार जिल्हा झालेला नव्हता. आम्ही धुळ्यात मोडत होतो. सरदार सरोवराच्या पाण्याने पुढे नर्मदाकाठची शेते गेली, घरे गेली. कितीतरी कुटुंबे तळोद्याकडच्या वसाहतींत उतरली. सरकारी कागदावर जमिनीचा मोबदला लिहिता येतो. ज्या अंगणात पिढ्यान्‌पिढ्या ढोल घुमला, त्या अंगणाचा कोणत्या रकान्यात लिहावा?

फिल्मवर गाणे राहते, हे खरेच. घोगऱ्यांचा आवाज तसाच राहिला आहे. पण पुढच्या सणाला ते गाणे उठायचे तर गळा हवा, आणि त्या गळ्याभोवती चार आपली माणसे हवीत.

वाचकहो, येत्या होळीला आमच्याकडे काठीला या. डोक्यावर मोरपिसांचे टोप, कमरेला घुंगरे बांधून माणसे रात्रभर नाचतात आणि होळी पेटते ती पहाटे. घोंगडी घेऊन या, आणि परतीच्या गाडीची घाई मात्र ठेवू नका.