नातवाला विचारायचा प्रश्न

चि. सोनूस,

तुझा बावीस जणांचा जपानीचा वर्ग गणपतीनंतर अकरावर आला आणि उरलेले घड्याळाकडे बघत बसतात, हे तुझ्या पत्रात वाचून आधी हसूच आलं. रागावू नकोस. माझ्या पहिल्या वर्गालाही अशीच गळती लागली होती, फक्त तेव्हा मी खापर मुलांवर फोडलं होतं.

खरं सांग, पहिल्याच दिवशी फळ्यावर २,१३६ हा आकडा लिहिलास ना? जपानी सरकारच्या नित्य वापराच्या यादीत तेवढी कांजी चिन्हं आहेत, मान्य. पण पोहायला आलेल्याला कुणी आधी विहिरीची खोली सांगतं का? आणि मग उतारा म्हणून तू कंपन्यांच्या पगाराचं गाजर दाखवलंस. ते तीन आठवडे पुरतं. ‘ता’ आणि ‘ना’चे वळणदार तुकडे गिरवताना सातव्या आठवड्यात पगार कुणाला आठवतो?

त्यापेक्षा हिरागानाचा तक्ता उघड आणि त्यांनाच वाचू दे. स्वर आ, इ, उ, ए, ओ. मग का, सा, ता, ना, हा, मा, या, रा, वा. आपल्या पोरांना हा क्रम ओळखीचा वाटायलाच हवा. कंठापासून ओठांपर्यंत, आणि य-र-व शेवटी! ‘हा’ची ओळ मधेच का घुसली असं एखादी चौकस मुलगी विचारेल. तिला सांग, फार पूर्वी तिथे ‘पा’ होता. बौद्ध भिक्षूंबरोबर संस्कृतची वर्णमाला तिकडे पोचली, तिचा हा ठसा. अंकलिपीत शिकलेलं इथे कामी आलं की माणूस खुर्चीत जरा पुढे सरकून बसतो.

वाक्यांचंही तसंच. तुझी इंजिनिअर मंडळी आधी इंग्रजीत वाक्य रचतात आणि मग ते उलटं करत बसतात, म्हणून दमतात. त्यांना मराठीतून जायला लाव. ‘पुण्याला जाते’ म्हणजे ‘पुने नि इकिमासु’. ‘ला’च्या जागी ‘नि’, क्रियापद शेवटी, संपलं. ‘आईची पिशवी’ म्हणजे ‘हाहा नो काबान’. चा-ची-चे अशी आपली तीन तोंडं, त्यांचा बिचारा एकटा ‘नो’. हे कळल्यावर माझ्या वर्गात एकजण मोठ्यानं म्हणाला, “बाई, ही तर आपल्यापेक्षा सोपी!” कांजी सुरू होईपर्यंत मी त्याचा गैरसमज तसाच राहू दिला.

आता माझं पाप. पहिल्या वर्षी मी बोलणाऱ्याला दर शब्दाला अडवायची. एक मुलगा उत्साहानं कालच्या मॅचबद्दल सांगत होता. त्याच्या पाच वाक्यांत मी सात चुका काढल्या. तो खाली बसला, तो वर्ष संपेपर्यंत उठला नाही. परीक्षेत मात्र पास झाला. जेएलपीटीत बोलायची चाचणीच नसते, त्यामुळे मुका माणूसही एन-फाईव्हची पहिली पायरी पास होतो. एकशेऐंशीपैकी ऐंशी गुण आणि प्रत्येक भागातले किमान गुण मिळाले की झालं. निकालाच्या आकड्यावर तू खूश होऊ नकोस, एवढंच.

तू लिहिलेल्या त्या शेवटच्या बाकावरच्या साठीच्या काकू माझ्या डोक्यातून जात नाहीत. ‘यांना परीक्षा द्यायची नाही, मग यांचं काय करू?’ असं तू विचारतेस. अगं, तुझ्या वर्गात नेमकं कशासाठी आलो हे ठाऊक असलेली ती एकच बाई आहे! नातू नागोयात वाढतोय, त्याला मराठी येत नाही आणि यांना जपानी. त्यांना धडा चौथा नको. त्यांना एवढंच दे: “गोहान ताबेता?” जेवलास का? गोहान म्हणजे भातही आणि जेवणही, हे काकूंना समजवावं लागणार नाही.

वर्गातल्या पोरांकडून त्यांचा सराव करून घे. एकानं नातू व्हायचं, भराभर उत्तर द्यायचं. मग रविवारी काकूंना खरा फोन लावू दे. पोरगं सुसाट काहीतरी बोलेल, त्यातला एखादाच शब्द यांच्या हाती लागेल. सोमवारी तो शब्द मुठीत धरून त्या तुझ्या आधी वर्गात येऊन बसल्या असतील. त्याचा अर्थ लगेच सांगू नकोस, आधी बाकीच्यांना ओळखू दे.

आणि माझा कोश दिवाळीला येताना आण. दोन वर्षं झाली.

तुझी आत्या